नावापुढे लिहिलेला अर्थ कितपत खरा असतो?

प्रश्न थोडक्यात असा: होणाऱ्या बाळासाठी तुम्ही बऱ्याच याद्या चाळल्यात आणि चार नावं बाजूला काढलीत. कियान, रेयांश, मायरा आणि तारा. प्रत्येक यादीत नावापुढे अर्थ आहे, पण दोन याद्यांचं एकमत होत नाही. तर खरा अर्थ कोणता, आणि जगभर लोक अर्थ बघूनच नाव ठेवतात का?

मी वीसेक वर्षं कोशाच्या कामात आहे आणि त्यातला मोठा भाग विशेषनामांच्या नोंदींचा आहे. आधी तुमच्या दुसऱ्या प्रश्नाकडे वळते, कारण त्याचं उत्तर मिळालं की पहिल्याची गाठ बरीचशी सैल होते.

नाव ज्या शब्दापासून बनलं त्याचा अर्थ ही एक गोष्ट आणि ते नाव का ठेवलं ही दुसरी. याद्या पहिली गोष्ट सांगायचा प्रयत्न करतात, तोही बहुधा ऐकीव माहितीवर. दुसरीबद्दल त्या काहीच बोलत नाहीत. आणि जगातल्या निम्म्याअधिक नावांची खरी गंमत दुसरीत आहे.

जुन्या जर्मानिक टोळ्यांचंच बघा. त्यांची नावं दोन तुकड्यांची असत. फ्रेडरिक म्हणजे शांतता आणि राजा, लुडविग म्हणजे कीर्ती आणि लढाई. (फ्रान्सच्या सगळ्या लुई राजांचं नाव हेच, फक्त झिजलेलं.) इथवर सगळं सरळ. पण हिल्डेगुंड? तिचे दोन्ही तुकडे लढाईवाचक. ‘लढाई-लढाई’. सहाव्या शतकातल्या फ्रँक राणीचं नाव फ्रेडेगुंड, म्हणजे ‘शांतता-युद्ध’. आता यातून जोडून कुठला अर्थ काढणार? काढायचाच नसतो. अकराव्या शतकात वुस्टरचा बिशप झालेला वुल्फस्टन घ्या. शब्दशः ‘लांडगा-दगड’. त्याच्या वडिलांचं नाव अॅथेलस्टन आणि आईचं वुल्फगिफू. आईचा पुढचा तुकडा, बापाचा मागचा, झालं पोराचं नाव. ते नाव अर्थ सांगत नव्हतं, कूळ सांगत होतं. याद्यांमध्ये मात्र अशा नावांपुढे ‘लांडग्यासारखा धाडसी आणि दगडासारखा खंबीर’ असं काहीतरी छापलेलं सापडतं. ते लिहिणाऱ्याच्या कल्पनेतून आलेलं असतं.

आईबापांची ही वाटाघाट ग्रीकांनाही ठाऊक होती. अॅरिस्टोफेनिसच्या ‘मेघ’ या नाटकात (इ.स.पू. ४२३) एक कर्जबाजारी म्हातारा आपल्या मुलाच्या नावाची कथा सांगतो. बायको बड्या घरची, तिला नावात ‘हिप्पोस’ म्हणजे घोडा हवाच होता, कारण घोडे पाळणं हे श्रीमंतांचं लक्षण. नवऱ्याला आजोबांचं नाव चालवायचं होतं, आणि ते होतं काटकसरीवरून. शेवटी तडजोड झाली: फेडिप्पिडिस. म्हणजे साधारण ‘घोड्यांत काटकसर करणारा’. प्रेक्षक हसत, कारण ही तडजोड त्यांनी आपापल्या घरात पाहिलेली असायची.

घोड्याचा विषय निघालाच आहे तर सांगते, कारण हा माझा आवडता कप्पा आहे. फिलिप म्हणजे घोड्यांवर प्रेम करणारा. सॉक्रेटिसच्या बायकोचं नाव झांथिप्पी, पिवळसर रंगाच्या घोड्यावरून. प्राचीन इराणात ‘अस्प’ म्हणजे घोडा, म्हणून विश्तास्प, जामास्प. आपल्या पुराणांत युवनाश्व, हर्यश्व, बृहदश्व. इंग्लंडात पहिले सॅक्सन घेऊन आले अशी ज्यांची दंतकथा आहे ते दोघे भाऊ हेंगिस्ट आणि होर्सा, म्हणजे उमदा घोडा आणि नुसताच घोडा. संस्कृत अश्व, अवेस्ता या पारशी धर्मग्रंथातला अस्प आणि ग्रीक हिप्पोस हे तिन्ही शब्द एकाच मुळाचे, आणि ज्या समाजांत ही नावं ठेवली गेली त्यांत घोडा हीच दौलत होती. इराणी धर्मसंस्थापक जरथुश्त्राच्या नावात मात्र ‘उश्त्र’ आहे, आपला उष्ट्र, उंट. आज कुणी मुलाच्या नावात उंट घालेल का? नाव बदललं नाही, दौलतीची कल्पना बदलली.

काही कल्पना मात्र सगळीकडे सारख्याच उगवतात. देवदत्त घ्या. ग्रीकमध्ये थिओडोर, आणि तेच दोन तुकडे उलटे लावले की डोरोथी. रशियन फ्योदर हा थिओडोरच. स्लाव्ह लोकांत बोगदान, आणि त्यातला ‘बोग’ हा आपल्या ‘भगवान’मधल्या भगाचा नातलग. फारसीत खुदादाद, अरबीत अताउल्ला, तुर्कीत अल्लाहवेर्दी, हिब्रूत नथानएल आणि योनातन, फ्रेंचमध्ये दिअदोने. संत ऑगस्टीनच्या मुलाचं नाव अदेओदातुस, तेही हेच. चिनीत देवाऐवजी आकाश देतं, म्हणून थ्येन-त्स. यातली काही नावं एकमेकांवरून उचललेली आहेत, पण बहुतेक ठिकाणी मूल हातात घेतल्यावर लोकांना आपापलं तेच सुचलेलं दिसतं. ‘देवदत्त’पुढे ‘देवाने दिलेला’ असं लिहिणारी यादी बरोबर असते. अशी नावं याद्यांना सोपी जातात.

अवघड जातात ती वाक्याची नावं. मायकेल हे हिब्रूत नाव नाही, प्रश्न आहे: ‘देवासारखा कोण आहे?’ असिरियाचा राजा सेन्नाचेरिब. मूळ रूप सीन-अह्हे-एरिबा, ‘सीन देवाने भावांची भरपाई केली’. एवढ्या एका नावावरून कळतं की त्याच्या आधीचे भाऊ गेले होते. सत्तावीसशे वर्षांपूर्वीच्या घरातलं दुःख असं नावात राहून गेलंय. यादीकर्ता इथे काय लिहिणार? ‘शूर राजा’?

नायजेरियातल्या योरुबा लोकांत अजूनही अशी वाक्यं नावं म्हणून ठेवतात. बाबातुंदे म्हणजे ‘बाबा परत आले’, आजोबा वारल्यावर जन्मलेला मुलगा. जुळ्यांची नावं ठरलेलीच: आधी येतं ते ताइवो, ‘जगाची चव बघायला आलेलं’, मागून येतं ते केहिंदे. आणि थोरलं कोण? मागून आलेलं. त्यांच्या समजुतीप्रमाणे केहिंदेच ताइवोला पुढे धाडतं, जग कसं आहे बघून ये म्हणून. धाडणारा तो मोठा. ज्या घरात मुलं जन्मून पुन्हा पुन्हा जातात तिथे मुलाला नावानेच विनवतात. मालोमो, ‘पुन्हा जाऊ नकोस’. कोकुमो, ‘आता पुन्हा मरणार नाही’. दुरोजायिये, ‘थांब, जगणं भोग’.

हा धागा पकडून जगभर फिरता येतं. तुर्कीत दुर्सुन म्हणजे ‘राहो’ आणि यशार म्हणजे ‘जगतो’. पूर्व युरोपातल्या ज्यूंमध्ये आजारी किंवा मागे भावंडं गमावलेल्या मुलाला आल्टर, म्हणजे ‘म्हातारा’, म्हणत. मृत्यूला वाटावं हा तर म्हातारा आहे, तान्हं दुसरीकडे शोधू. मंगोलियात एनेबिश म्हणजे ‘हा नव्हे’, खुनबिश म्हणजे ‘माणूस नव्हे’, नेरग्वी म्हणजे ‘नाव नाही’. चिनी खेड्यांत गौशेंग, ‘कुत्र्याने टाकलेलं उरलंसुरलं’. आणि मराठीत दगडू, धोंडू, केरू, भिकू, उकिर्डा. या नावांना अडाणीपणाचं लेबल लावणारे मला भेटतात. शब्दाचा अर्थ आणि नाव ठेवण्याचं कारण यांच्यात सगळ्यात जास्त अंतर इथेच असतं. ज्या आईने मुलाला केरू म्हटलं तिने ते केर वाटतं म्हणून म्हटलं नाही. दृष्ट लागू नये, कुणाला हवंसं वाटू नये, म्हणून म्हटलं. थेट ‘चिरंजीव’ नाव ठेवणाऱ्या आईची आणि हिची इच्छा एकच आहे.

पण सगळीच ओंगळ दिसणारी नावं मायेची नसतात, हेही सांगायला हवं. तुर्कीतलं येतेर म्हणजे ‘पुरे’, चिनीतलं चाओदी म्हणजे ‘धाकट्या भावाला बोलाव’. मुलींवर मुली झाल्या की ही नावं येतात. आपल्याकडची नकोशी, नकुशी त्याच रांगेतली. २०११ साली सातारा जिल्ह्यात अशा २८५ मुलींचं समारंभपूर्वक नाव बदललं होतं. तिथे शब्दाचा अर्थ आणि नाव ठेवण्याचं कारण यांत तसूभर अंतर नव्हतं.

नाव कोण ठेवतं, या प्रश्नाकडे याद्या बघतच नाहीत, म्हणून थोडं विषयांतर करते. मनुस्मृतीत नाव ठेवण्याचे नियम आहेत: ब्राह्मणाचं मंगलवाचक, क्षत्रियाचं बलवाचक, वैश्याचं धनवाचक, आणि शूद्राचं किळसवाणं असावं. म्हणजे अर्थ इथे इच्छा नव्हे, पायरी दाखवत होता. रोममध्ये मुलींना बहुधा स्वतःचं नावच नसे. घराण्याच्या नावाचं स्त्रीलिंगी रूप केलं की काम झालं. ज्युलियस सीझरच्या दोन्ही बहिणी ज्युलिया, एक थोरली, एक धाकटी. नेल्सन मंडेलांचं जन्मनाव रोलिह्लाह्ला, ‘फांदी ओढणारा’, बोलीत ‘खोडकर, उपद्व्यापी’. ‘नेल्सन’ हे शाळेच्या पहिल्या दिवशी शिक्षिकेने दिलं, कारण तेव्हा आफ्रिकी मुलाला शाळेत इंग्रजी नाव लागे. यादीत नेल्सनपुढे ‘नीलचा मुलगा’ असतं. शब्द म्हणून बरोबर आहे, आणि मंडेलांच्या बाबतीत पूर्ण निरर्थक.

घानातल्या अकान लोकांत नाव वारावरून पडतं. रविवारी जन्मलेला मुलगा क्वासी, सोमवारी कोजो, शुक्रवारी कोफी, शनिवारी क्वामे. मुलींची वेगळी मालिका, शुक्रवारची आफुआ, शनिवारची आमा. कोफी अन्नान यांचा जन्म ८ एप्रिल १९३८, शुक्रवार. घानाचे पहिले राष्ट्राध्यक्ष क्वामे एन्क्रुमा यांची गोष्ट त्याहून मजेची. चर्चच्या नोंदीत पाद्र्याने त्यांची जन्मतारीख २१ सप्टेंबर १९०९ लिहिली, अंदाजाने. तो वार येतो मंगळवार. पण नाव क्वामे, म्हणजे शनिवारच. म्हणून त्यांनी स्वतः हिशेब मांडला तो १८ सप्टेंबरचा. कागद चुकला, नाव चुकलं नाही. हीच वारांची नावं गुलामांच्या जहाजांतून कॅरिबियन बेटांवर पोचली. ब्रिटिशांना १७३९ मध्ये जमैकात ज्याच्याशी तह करावा लागला तो ‘मरून’ लोकांचा, म्हणजे निसटून डोंगरांत राहिलेल्या गुलामांचा, पुढारी कुजो, म्हणजे कोजो, सोमवारचा. क्वाशी म्हणजे क्वासी. मालकांच्या तोंडी पुढे ‘क्वाशी’ हा मूर्ख गुलाम अशा अर्थाचा शब्द झाला. रविवारी जन्मणं एवढाच ज्याचा अर्थ होता ते नाव शिवी होऊन बसलं.

आता प्रवासाकडे. नाव भाषेची वेस ओलांडतं तेव्हा अर्थ सहसा मागे राहतो आणि आवाज पुढे जातो. हिब्रू योहानान, ‘यहोवाने कृपा केली’. ग्रीकांनी त्याचं इओआन्नीस केलं, रोमनांनी योहानेस, आणि तिथून जॉन, झाँ, हुआन, ज्योव्हान्नी, इव्हान, हान्स, यान, शॉन, इयन. कुराणात याह्या, मराठी बायबलात योहान. यातल्या एकाही भाषेत सामान्य माणसाला ‘कृपा’ ऐकू येत नाही. याकोबचं तर आणखी भरकटलं. लॅटिनमध्ये याकोबुसचं एक बोलीरूप याकोमुस झालं आणि त्यातून इंग्रजीत जेम्स निघालं. म्हणून इंग्रजी बायबलात जेकब आणि जेम्स वेगळे दिसतात, आणि मराठीत दोघेही याकोबच आहेत. या एका जागी मराठी भाषांतर इंग्रजीपेक्षा मुळाला जवळ आहे.

कधीकधी अर्थ वाटेत नव्यानेच चिकटतो. मार्गारेट हे ग्रीक ‘मार्गारितेस’वरून, म्हणजे मोती. फ्रेंचमध्ये ‘मार्गरित’ हे एका पांढऱ्या रानफुलाचंही नाव आहे, त्याच फुलाला इंग्रजीत डेझी म्हणतात. म्हणून इंग्लंडात मार्गारेट नावाच्या मुलींना लाडाने डेझी म्हणू लागले. मोत्याचं फूल झालं. व्हेनेसाचं सर्वात नामी. लेखक जोनाथन स्विफ्टने अठराव्या शतकाच्या सुरुवातीला आपल्या एका मैत्रिणीच्या नावा-आडनावातले तुकडे जोडून ते बनवलं. आडनावातलं व्हॅन आणि एस्थरमधलं एस. अर्थ शून्य. पुढे १८०७ मध्ये फॅब्रिशियस या कीटकशास्त्रज्ञाने फुलपाखरांच्या एका प्रजातीसमूहाला व्हेनेसा नाव दिलं. आणि आज कुठलीही यादी उघडा: व्हेनेसा म्हणजे फुलपाखरू! फुलपाखराला बाईचं नाव दिलं होतं, याद्यांनी ते उलटं वाचलं.

चुकण्यात मीही मागे नाही. सुरुवातीच्या काळात एका टिपणात मी व्लादिमीरचा अर्थ ‘शांततेचा स्वामी’ असा लिहिला होता, कारण रशियनमध्ये मीर म्हणजे शांतता आणि जगही. रशियन शिकवणाऱ्या एका ज्येष्ठ बाईंनी कागद परत पाठवला, समासात एवढंच लिहून: ‘जुनं रूप बघ.’ जुन्या रूपात दुसरा तुकडा ‘मीर’ नाहीच, ‘मेर’ आहे, थोर किंवा कीर्तिमान. अर्थ ‘सत्तेने थोर’ असा काहीतरी. ‘मीर’ मागाहून लोकांच्या कानांनी घातला. पण गंमत अशी की शेकडो वर्षं रशियन माणूस त्यात मीरच ऐकतोय, मग तो अर्थ अगदीच खोटा कसा म्हणायचा? माझ्या नोंदीत मी आता दोन्ही लिहिते, कोणता कधी आला तेही.

बायबललाही हे चुकलेलं नाही. मोशेचं नाव तिथे ‘पाण्यातून बाहेर काढलेला’ असं हिब्रूतून उलगडलंय. बहुतेक अभ्यासकांना ते नाव इजिप्ती वाटतं, ‘मोस’ म्हणजे जन्मलेला. थुतमोस या राजनामात तोच शब्द आहे.

लिपीचा मुद्दा आला की याद्या पार कोलमडतात. ‘युकी’ या जपानी नावाचा अर्थ काय, असं विचारलं तर जपानी माणूस विचारेल, कसं लिहितात? एका चिन्हाने लिहिलं तर बर्फ, दुसऱ्याने लिहिलं तर सुख, आणि आणखी कितीतरी. अर्थ उच्चारात नाही, चिन्हात आहे. उलट एकाच चिन्हाचे उच्चार अनेक. तिथल्या कुटुंब-नोंदवहीत आजवर नावाची चिन्हं लिहीत, उच्चार नव्हे. तो अधिकृतपणे नोंदवायला २६ मे २०२५ पासून सुरुवात झाली. देवनागरी किंवा रोमन अक्षरांत लिहिलेल्या जपानी वा चिनी नावापुढे जर कुणी एकच अर्थ ठामपणे लिहिला असेल, तर त्याने चिन्ह न बघताच लिहिलाय.

अरबीत वेगळीच व्यवस्था. तिथे तीन व्यंजनांचा धातू आणि त्याभोवती स्वर फिरतात. ह-म-द म्हणजे स्तुती. त्यातून मुहम्मद, अहमद, महमूद, हामिद, हमीद. पाच नावं, धातू एक, छटा वेगळ्या. आणि एक कळकळीची सूचना: ‘अब्दुल’ हे पूर्ण नाव नाही. अब्द म्हणजे दास आणि ‘उल’ हा पुढच्या शब्दाला जोडणारा भाग. पुढे रहमान, करीम, कादिर असं ईश्वराचं एखादं नाव यायलाच हवं. नुसतं अब्दुल म्हणजे मराठीत ‘चा दास’ अशी हाक मारल्यासारखं. जगभरच्या नोंदणी कार्यालयांनी मात्र ते पहिलं नाव म्हणून लिहून टाकलंय आणि लोकांनीही आता सोडून दिलंय.

सारखा आवाज आणि मूळ वेगळं, हा तिसरा सापळा. आशा संस्कृतात आशा. स्वाहिलीत आशा हे अरबी आयेशाचं रूप, म्हणजे जगणारी. अवेस्तात ‘अश’ म्हणजे सत्य, सृष्टीचा नियम. तिघींचा एकमेकींशी काही संबंध नाही. लीला म्हणजे खेळ आणि लैला म्हणजे रात्र. जर्मन मार्लेन ही मारिया आणि माग्दालेना यांचा जोड, तर सोव्हिएत रशियातला मार्लेन हा मार्क्स आणि लेनिनचा. (त्या काळात लेनिन उलटा लिहून मुलीचं निनेल असं नावही ठेवत. कानाला किती गोड लागतं!) फिनिश भाषेत ‘कमला’ म्हणजे भयंकर. म्हणून ‘या नावाचा अर्थ काय’ हा प्रश्न अपुरा असतो. कोणत्या भाषेत, हे आधी ठरवा.

अर्थापेक्षा ध्वनी महत्त्वाचा मानण्याची परंपराही जुनी आहे. पारस्कर गृह्यसूत्रात मुलाचं नाव दोन किंवा चार अक्षरी, सुरुवात घोष वर्णाने (ग, ज, द, ब यांसारख्या), मध्ये य-र-ल-व पैकी काही, असा नियम आहे. नाव कृदन्त (धातूपासून बनलेलं) असावं, तद्धित (दुसऱ्या नामापासून बनलेलं) नसावं, हा व्याकरणाचा नियमही आहे. अर्थाबद्दल त्या सूत्रात शब्द नाही. आइसलंडमध्ये आज कायदाच असा आहे की नाव तिथल्या भाषेच्या विभक्तींत चालायला हवं, आणि त्यासाठी समिती आहे. ‘ब्लायर’, म्हणजे मंद झुळूक, हे नाव मुलीला चालणार नाही कारण शब्द पुल्लिंगी, असं समितीने ठरवलं होतं; २०१३ मध्ये न्यायालयाने ते फिरवलं. फ्रान्सने १८०३ च्या कायद्याने संतांची आणि प्राचीन इतिहासातली नावंच चालतील असं बंधन घातलं आणि ते पूर्णपणे उठवलं १९९३ मध्ये.

आता तुमची चार नावं. अशा वेळी मी काय करते ते सांगते: यादीत जी भाषा लिहिली असेल त्या भाषेच्या कोशात शब्द आहे का बघते. संस्कृत म्हटलं असेल तर आपटे आणि मोनियर-विल्यम्स. तिथे नसेल तर तो संस्कृत असल्याचा दावा तिथेच संपला. मग ते नाव सर्वांत आधी कुठे, कुणाचं होतं, ते शोधते. बहुतेक नावं या दोन पायऱ्यांत उलगडतात.

रेयांशपुढे ‘सूर्यकिरणाचा अंश’ असतं. संस्कृतात ‘रे’ म्हणजे किरण नाही. तो इंग्रजी शब्द आहे, त्याला अंश जोडलाय. खरंच सूर्याचा अंश म्हणायचं असेल तर रवि अधिक अंश, संधी होऊन रव्यंश. त्या नावाने मुलाला हाक मारून बघा, म्हणजे लोकांनी रेयांश का बनवलं ते कळेल. नवं बनवलेलं नाव म्हणून ठेवायला काहीच हरकत नाही, स्विफ्टनेही तेच केलं. फक्त प्राचीन म्हणून सांगू नका.

मायराला याद्यांत ‘प्रिय’पासून ‘अद्भुत’पर्यंत वाटेल ते अर्थ दिलेले असतात. हे नाव इंग्रज कवी फुल्क ग्रेव्हिल (१५५४–१६२८) याच्या प्रेमकवितांतून आलं असं मानतात. त्याने ते कशावरून घेतलं याबद्दल तर्क आहेत, ठाम काही नाही. कवीच्या प्रेयसीचं नाव, एवढं मात्र सांगता येतं, आणि माझ्या मते ‘प्रिय’पेक्षा ते बरं.

तारा निर्धोक. संस्कृतात तारका, शिवाय बृहस्पतीची पत्नी, वालीची पत्नी आणि बौद्धांची देवता. फारसी सितारा, ग्रीक अस्तेर, लॅटिन स्टेला हे सगळे त्याच मुळाचे. आयर्लंडमध्ये तारा ही राजांच्या राज्याभिषेकाची टेकडी. त्याचा ताऱ्याशी संबंध नाही, पण तिथे कुणी मुलीला ‘आमच्यातलीच दिसतेस’ म्हणालं तर दचकू नका.

आणि कियान. एका यादीत ‘देवाची कृपा’, दुसरीत ‘प्राचीन’. दुसरा अर्थ आयरिश ‘किअन’चा, ते नाव वेगळं. पहिला कुठून आला ते देव जाणे. आपल्याकडे जे पसरलंय ते फारसी कियान: ‘कै’चं अनेकवचन, म्हणजे राजे, इराणी महाकाव्यातलं कयानी राजघराणं, कैकाऊस, कैखुस्रो ही त्यातली नावं. हा ‘कै’ मागे नेत गेलात की अवेस्तात ‘कवि’ मिळतो, तिथे ती राजांची पदवी आहे. आपल्या वेदांत तोच शब्द द्रष्ट्याला लावलाय. एका घरातले दोन भाऊ वेगळे झाले, एकीकडे कवि सिंहासनावर बसला, दुसरीकडे ऋचा रचत राहिला. तेव्हा मुलाचं नाव कियान ठेवलंत आणि कुणी अर्थ विचारला, तर ‘राजे’ म्हणा किंवा ‘कवी’चा लांबचा भाऊ म्हणा, दोन्ही खरं आहे.